पोतदार, वडगावकर की जोशी? ‘मूळ’ आडनाव शोधणाऱ्यांसाठी

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: घरात आज सगळे पोतदार. आजोबांच्या शाळेच्या दाखल्यावरही पोतदारच. पण त्याआधीच्या एका मोडी खरेदीखतात आजोबांच्या आजोबांचा उल्लेख ‘वडगावकर’ असा आहे, आणि थोरल्या आत्याबाई ठामपणे सांगतात की आपण मूळचे जोशी. यातलं खरं कोणतं? आणि गॅझेटात देऊन ते ‘मूळ’ आडनाव परत घ्यावं का?

तिन्ही खरी असण्याचीच शक्यता जास्त. मोडी कागद वाचून वंशावळी जुळवायचं काम मी बरीच वर्षं करतो आहे, आणि या तऱ्हेच्या प्रश्नामागे एकच समजूत असते: प्रत्येक घराण्याला एक अस्सल आडनाव होतं, ते मध्येच कुठेतरी हरवलं. आपल्याकडे तसं फारसं झालेलं नाही. कुणीतरी, कधीतरी, कसल्यातरी कामासाठी ते कागदावर लिहिलं, काम बदललं की दुसरं लिहिलं, आणि ज्या दिवशी सरकारी रजिस्टर आलं त्या दिवशी जे चालू होतं ते कायमचं चिकटलं. म्हणून ‘अर्थ काय’ हे नंतर. आधी कुणी लिहिलं आणि कशासाठी, ते बघायचं.

अठराव्या शतकातले कागद उघडलेत तर आडनाव शोधून सापडणार नाही अशीच पानं जास्त. माणसाची ओळख म्हणजे त्याचं नाव आणि बापाचं नाव. पहिल्या बाजीरावांचं नाव कागदोपत्री ‘बाजीराव बल्लाळ’ असं येतं. बल्लाळ हे त्यांचं आडनाव समजून चालणारे लोक मला अजूनही भेटतात. ते ‘बाळाजी’चंच कागदी रूप, म्हणजे वडिलांचं नाव. घराणं श्रीवर्धनच्या भटांचं. १७१३ साली बाळाजी विश्वनाथांना शाहू महाराजांनी पेशवेपद दिलं आणि पुढे पदच आडनाव होऊन बसलं. शेतकरी घराण्यांच्या कागदांत दोन नावांच्या मध्ये ‘बिन’ येतो, मुसलमान घराण्यांत बहुधा ‘वलद’. बाईचं नाव असेल तर पुढे ‘कोम’ किंवा ‘भ्रतार’ आणि नवऱ्याचं नाव. जुन्या सातबाऱ्यावर ‘सखू कोम बाळू’ असं वाचून कोम हे आडनाव धरलेली वंशावळ माझ्याकडे तपासायला आली आहे. तेव्हा जरा जपून.

बापाच्या नावावर भागवण्यात मागासलेपण काही नाही. आइसलँडमध्ये आजही तसंच चालतं. वडिलांच्या, हल्ली कधी आईच्या नावाला मुलासाठी ‘सोन’ आणि मुलीसाठी ‘दोत्तिर’ जोडतात, त्यामुळे सख्ख्या बहीणभावांची शेवटची नावं वेगळी असतात आणि फोनची यादी पहिल्या नावाने लावलेली असते. तिथे १९२५ च्या कायद्याने नवी घराणेवार आडनावं घ्यायला बंदीच घातली. तमिळ माणूसही बापाच्या नावाचं आद्याक्षर पुढे लावतो आणि पासपोर्टच्या अर्जात ‘आडनाव’ या रकान्यापाशी अडतो.

आता तुमच्या ‘पोतदार’कडे येतो, कारण तुमच्या तिन्हींतलं सगळ्यात बोलकं आडनाव तेच आहे. फोता म्हणजे फारसीत पैशाची थैली, खजिना. पोतदार हा खजिन्यात येणारी नाणी पारखून घेणारा. नाणी एका टाकसाळीची नसत, त्यात झिजलेली, कापलेली, कमी कसाची असत, तेव्हा सरकारी वसूल घेताना हा माणूस लागायचाच. कामाच्या स्वभावामुळे हे पद पुष्कळ ठिकाणी सोनारांकडे होतं, पण ब्राह्मण पोतदारही भरपूर आहेत. म्हणजे नुसत्या ‘पोतदार’वरून जात ठरत नाही. आत्याबाईंच्या ‘जोशी’वरूनही नाही, कारण कुडमुडे जोशी नावाची स्वतंत्र भटकी जमातही महाराष्ट्रात आहे. इंटरनेटवरच्या याद्या आडनावासमोर बेधडक जात लिहून मोकळ्या होतात. त्यांच्याकडे बघूही नका.

दरबारी पदांवरून आलेली आडनावं हा मराठीतला फार मोठा खजिना आहे आणि त्यातली निम्मी भाषा फारसी आहे. ‘नवीस’ म्हणजे लिहिणारा. त्याचा ‘नीस’ झाला आणि चिटणीस, फडणीस, सबनीस, पोतनीस, कारखानीस, वाकनीस, पारसनीस अशी रांग लागली. नाना फडणीस हे जन्माने बाळाजी जनार्दन भानू. फडणिशी घराण्यात आली, फर्दनवीसचं फडणीस झालं आणि भानू मागे पडलं. शिवाजी महाराजांचे चिटणीस बाळाजी आवजी हे मूळचे चित्रे. त्यांच्या वंशजांनी चिटणीस लावलं, आणि इतर चित्रे चित्रेच राहिले. हे लक्षात घ्या, कारण इथेच बहुतेक वंशावळी घसरतात. चार भावांत वतन, म्हणजे वंशपरंपरेने चालणारं पद, एकाकडे गेलं की तो कुलकर्णी, आणि बाकीचे तिघे जुन्याच आडनावाने. तीन पिढ्यांनी ते एकमेकांना ओळखतही नाहीत. उलट शेजारच्या गावचा कुलकर्णी रक्ताने कुणीच लागत नाही, कारण गाव तिथे कुलकर्णी होता. गावाचा हिशेब कुलकर्ण्याकडे, परगण्याचा देशपांड्याकडे. गावचा मुख्य पाटील, परगण्याचा देशमुख. पाटील मराठा आहेत, आगरी-कोळी आहेत, लिंगायत आहेत, सांगली-कोल्हापुरात जैन आहेत, खानदेशात लेवा आहेत, मुसलमानही आहेत. कुलकर्णी वतनं १९५० च्या कायद्याने गेली, मुलकी पाटीलकी १९६२ च्या कायद्याने. पद गेलं तरी आडनाव कुणी काढून घेत नाही, म्हणून पुण्यातल्या फ्लॅटमध्ये राहणारा देशमुखही देशमुखच.

जगात हे नवं नाही. स्कॉटलंडचं आणि पुढे इंग्लंडचं स्ट्युअर्ट राजघराणं म्हणजे मुळात स्कॉटलंडच्या राजाचे वंशपरंपरागत कारभारी, पदाचं नाव स्ट्युअर्ड. कारभारी राजे झाले तरी आडनाव कारभाऱ्याचंच. आपल्या पेशव्यांशी ताडून पाहा.

‘वडगावकर’ची गोष्ट वेगळी. वडगावात राहणाऱ्याला वडगावकर कोण म्हणेल? तिथे सगळेच वडगावचे. हे नाव पडतं ते गाव सोडून दुसरीकडे गेल्यावर, आणि ते बहुधा नव्या गावचे लोक ठेवतात. तेव्हा त्या खरेदीखताच्या आधी एकदोन पिढ्यांत तुमच्याकडचं कुणीतरी वडगाव सोडून आलं, एवढं बऱ्यापैकी खात्रीने म्हणता येतं. कोणतं वडगाव, हे मात्र विचारू नका. मावळातलं आहे, पुण्याच्या पोटात गेलेलं वडगाव बुद्रुक आणि वडगाव शेरी आहेत, कोल्हापूरकडचं पेठ वडगाव आहे, आणि पाचपंचवीस आणखी निघतील. खरेदीखतात जमिनीचा तालुका-परगणा लिहिलेला असेल. शोध तिथून सुरू करा, आणि आधी दोनचार दिवसांच्या चालीच्या अंतरातली वडगावं तपासा. त्या काळी माणसं शक्यतो नातं, यजमान किंवा वतन असेल तिथेच जात.

होळ गावचे होळकर आणि निंबळकचे निंबाळकर ही याच जातीची आडनावं. निंबाळकर स्वतःला पवार सांगतात, म्हणजे तिथेही आडनावावर आडनाव चढलंय. मंगेशकरांचंही तेच. दीनानाथांनी गोव्यातल्या मंगेशी गावावरून ते लावलं. अरबी-फारसी जगात हे काम शेवटचा ‘ई’ करतो: बुखाऱ्याचा बुखारी, बगदादचा बगदादी. ख्वारिज्मचा तो अल-ख्वारिज्मी, ज्याच्या नावावरून संगणकवाले रोज ‘अल्गोरिदम’ म्हणतात. एक बारीकशी सूचना: प्रत्येक ‘कर’ गावाचा नसतो. दिवाकर आणि भास्कर हीसुद्धा आडनावं आहेत, आणि ‘दिवा’ नावाचं स्टेशन असलं तरी दिवाकर तिथले नव्हेत. चंद्रपूर-यवतमाळ-नांदेडकडे ‘कर’ऐवजी ‘वार’ दिसतो, कन्नमवार, मुनगंटीवार असा. तो तेलुगूतल्या आदराच्या ‘वारु’चा अंश.

‘कर’ लावणाऱ्यांत मला सगळ्यात आवडणारी उदाहरणं बेने इस्रायली लोकांची आहेत. कोकणात शतकानुशतकं तेलाचे घाणे चालवणारे हे ज्यू. शनिवारी काम करत नाहीत म्हणून गावाने त्यांना शनिवार तेली म्हटलं. त्यांची आडनावं पेणकर, रोहेकर, किहीमकर, झिराडकर. मुंबईतलं पहिलं सिनेगॉग, म्हणजे ज्यूंचं प्रार्थनास्थळ, १७९६ साली बांधणारे सॅम्युएल इझिकिएल दिवेकर मराठीत सामाजी हसाजी दिवेकर होते. सॅम्युएलचा सामाजी आणि इझिकिएलचा हसाजी! पुढे यातली पुष्कळ कुटुंबं इस्रायलला गेली, आणि तिथे आजही एखाद्या दारावरच्या पाटीत हिब्रू अक्षरांत कोकणातलं गाव सापडतं. आडनावावरून धर्म ओळखणाऱ्यांनी या पाट्या जरूर बघाव्यात.

मग हे सगळं गोठलं कधी? बहुतेकांच्या बाबतीत शाळेत नाव घालताना. जोतीरावांचं घराणं साताऱ्याकडच्या कटगुणचं, आडनाव गोऱ्हे. पुण्यात फुलांचा धंदा केला म्हणून फुले. हे रजिस्टरच्या आधीचं, धंद्यावरून लोकांनी ठेवलेलं. दोन पिढ्यांनंतरचं आंबेडकरांचं उदाहरण घ्या. घराणं सकपाळ, गाव मंडणगड तालुक्यातलं आंबडवे. ७ नोव्हेंबर १९०० रोजी सातारच्या शाळेत प्रवेश झाला तेव्हा रजिस्टरात लिहिलं गेलं ‘भिवा रामजी आंबेडकर’. आंबडवेकरचं आंबेडकर कसं झालं याची, त्याच आडनावाच्या प्रेमळ शिक्षकांची हकीकत सगळ्यांना ठाऊक आहे. मला इथे एवढंच दाखवायचं आहे की रजिस्टरातल्या एका ओळीने सकपाळ मागे पडलं आणि पुढच्या सगळ्या पिढ्यांचं आडनाव ठरलं.

दुसरीकडे हे काम सरकारने एका फटक्यात केलं. फिलिपिन्समध्ये १८४९ साली स्पॅनिश गव्हर्नर क्लावेरियाने आडनावांची छापील यादीच गावोगाव पाठवली. काही गावांना यादीतलं एकच पान मिळालं, म्हणून तिथे आजही एकाच अक्षराने सुरू होणारी आडनावं दाट आहेत. जपानमध्ये १८७५ साली प्रत्येकाला आडनाव सक्तीचं झालं. तुर्कस्तानात १९३४ साली, आणि त्याच वर्षी तिथल्या संसदेने मुस्तफा कमाल यांना ‘अतातुर्क’ दिलं. मॉरिशसला गेलेल्या गिरमिटियांमध्ये, म्हणजे करारावर नेलेल्या मजुरांमध्ये, मराठी माणसंही होती. तिथल्या नोंदीत ज्याचं जे एकेरी नाव लिहिलं गेलं, तेच पुष्कळदा नातवंडांचं आडनाव झालं. तिथून कुणी ‘आमचं मूळ गाव सांगा’ म्हणून विचारतं तेव्हा आडनावाचा काही उपयोग होत नाही. गिरमिटाच्या कागदावरचं गाव आणि जहाज, एवढाच धागा.

अर्थ लावण्याच्या नादाबद्दल थोडं. लांडगे, कोल्हे, वाघ, उंदरे, गाढवे, एकबोटे, डोईफोडे, दहीभाते, भाजीभाकरे, गोडबोले या आडनावांवर हसायला मलाही आवडतं, आणि प्रत्येकाची एक कहाणी त्या त्या घरात असते. त्यातल्या बहुतेक कहाण्या आडनाव आधी आणि गोष्ट मागून अशा रचलेल्या. घोरपड्यांची घोरपड लावून किल्ला चढल्याची कथा घ्या. सांगायला सुंदर, पण तिला कागदाचं बळ नाही. लेले, नेने, गद्रे यांचे तर सरळ अर्थ लागतच नाहीत, तरी संस्कृतातून ओढूनताणून व्युत्पत्ती लावलेल्या वाचायला मिळतात. त्या सोडून द्या. टोपणनावं मात्र सगळीकडे सारखीच पडतात हे खरं. गोव्यातल्या लोबोचा पोर्तुगीज अर्थ लांडगा, कुएल्योचा ससा, परेराचं झाड नाशपातीचं. फर्नांडिस म्हणजे फर्नांदोचा, रॉड्रिग्ज म्हणजे रॉद्रिगोचा, म्हणजे पुन्हा बापाचंच नाव. पण गोव्यातल्या लोबोच्या पूर्वजाचा लांडग्याशी किंवा पोर्तुगालशी संबंध असेलच असं नाही. बाप्तिस्म्याच्या वेळी पाद्र्याचं किंवा धर्मपित्याचं आडनाव मिळालं, एका गावात अनेक घरांना एकच मिळालं. त्याआधीचं आडनाव काही कुटुंबांना गावकारीच्या, म्हणजे गावच्या सामाईक संस्थेच्या, जुन्या नोंदींत सापडतं.

मुंबईच्या पारश्यांनी तर धंदाच पाटीवर लिहिला: काँट्रॅक्टर, इंजिनियर, दारूवाला. पहिले जमशेटजी जीजीभॉय बाटल्यांच्या व्यापारामुळे बाटलीवाला म्हणून ओळखले जात. रेडीमनी हे आडनाव ऐकून लोकांना थट्टा वाटते. ते खरं आहे.

आडनाव इतकं सैल असेल तर वंशावळ जुळवायची कशी? आडनावाला शेवटी हात लावायचा. आधी कुलदैवत, गोत्र किंवा देवक, आणि पहिली नावं. पहिल्या नावांचा उपयोग लोकांना माहीत नसतो. आपल्याकडे नातवाला आजोबांचं नाव ठेवायची रीत होती, म्हणून नारायण विष्णू, मग विष्णू नारायण, मग पुन्हा नारायण विष्णू अशी माळ लागते. पेशव्यांकडेच बघा: बाळाजींचे वडील विश्वनाथ, म्हणून बाजीरावांचं पाळण्यातलं नाव विसाजी, आणि बाजीरावांचा थोरला पुन्हा बाळाजी. शाहू महाराजांचं पाळण्यातलं नावही आजोबांचंच, शिवाजी. तुमच्या वंशावळीत अशी माळ एका ठिकाणी तुटत असेल तर बहुधा तिथे एक पिढी गळाली आहे किंवा दत्तक आहे. धोंडू, दगडू अशी नावं दिसली तर आधीची मुलं दगावली होती असं समजायला हरकत नाही. दृष्ट लागू नये म्हणून मुद्दाम हलकं नाव. महर्षी कर्व्यांचं धोंडो याच रिवाजातलं. ‘नकुसा’ मात्र त्या जातीचं नाव नव्हे. ते मुलगी नको होती एवढंच सांगतं. २०११ साली सातारा जिल्ह्यात अशा २८५ मुलींची नावं समारंभपूर्वक बदलली. बायकांच्या बाबतीत वंशावळी एरवीही लंगड्या असतात. लग्नात आडनावाबरोबर पहिलं नावही बदलायचं, त्यामुळे माहेरच्या कागदातली गोदा सासरी राधाबाई होते आणि माग संपतो. १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या नावात आईचं नाव लिहिणं राज्य सरकारने सक्तीचं केलंय. शंभर वर्षांनी माझ्या धंद्यातल्या लोकांचं काम त्यामुळे बरंच सोपं होईल.

आता करायचं काय. आजोबांची शाळा अजून असेल तर दाखल्यावर थांबू नका, शाळेचं जनरल रजिस्टर पाहा. दाखला त्यावरून उतरवलेला असतो आणि उतरवताना ‘उर्फ’ गळतो. मग जमिनीचे जुने फेरफार, तहसीलमधलं कोतवाल बुक (गावच्या जन्ममृत्यूची जुनी नोंदवही), भूमी अभिलेखमधली सूडपत्रकं (जमिनीच्या जुन्या नोंदी). २०२३ साली कुणबी नोंदी शोधायला सुरुवात झाली तेव्हा या कागदांवर एवढी झुंबड उडाली की मोडी वाचणाऱ्यांना पहिल्यांदाच बरे दिवस आले. पण त्याच वेळी हेही दिसलं की नुसतं नाव आणि बापाचं नाव सारखं म्हणून नातं सिद्ध होत नाही, गाव आणि आजोबा जुळावे लागतात. पोतदारी खरोखर वतनाची असेल तर त्याहून चांगला कागद पुण्याच्या पुरालेखागारात मिळण्याची शक्यता आहे. १८५२ च्या कायद्याने इनाम कमिशनने वतनदारांकडून पुरावे मागितले तेव्हा लोकांनी कैफियती आणि वंशावळी लिहून दिल्या. परगणा माहीत असेल तर रुमाल, म्हणजे कापडात बांधलेला कागदांचा गठ्ठा, मागता येतो, नसेल तर दिवस फुकट जातो. ‘जोशी’साठी नाशिक-त्र्यंबकच्या तीर्थोपाध्यांच्या, म्हणजे यात्रेकरूंच्या वंशावळी लिहून ठेवणाऱ्या पुरोहितांच्या, वह्या. तिथे आडनावाबरोबर मूळ गावही विचारतात, म्हणून ‘वडगावकर’ आधी सोडवा आणि मगच नाशिकला जा.

मोडीतल्या एका अडचणीची कल्पना असू द्या. त्या लिपीत ऱ्हस्व-दीर्घ वेगळं दाखवत नाहीत आणि शब्दांत जागा सोडत नाहीत. तुमच्या खरेदीखतातलं ‘वडगावकर’ हे आडनाव म्हणून लिहिलंय की ‘वडगावकर जोसी’ असं ओळीत पुढे चाललंय, हे तुम्ही पाठवलेल्या फोटोच्या कोपऱ्यात कापलं गेलंय. जोसी किंवा जोशी पुढे निघालं तर आत्याबाईंचं म्हणणं त्याच कागदावर सिद्ध होईल.

गॅझेटचं म्हणाल तर माझा सल्ला नको असाच. कायद्याने अडचण नाही, पण आधार, पॅन, पासपोर्ट, पदव्या, मालमत्तेचे कागद असं सगळं बदलत बसावं लागतं, आणि तुमच्या नातवाला पुन्हा हाच प्रश्न पडेल, शिवाय आणखी एका बदलासकट. हौस असेल तर वंशावळीत प्रत्येक पिढीपुढे त्या त्या कागदावर जे आहे ते लिहा, मधे ‘उर्फ’ घाला आणि कागदाची तारीख द्या. खरेदीखताचे नवे फोटो काढाल तेव्हा चारही कडा येऊ द्या, आणि पाठची बाजूही घ्या. साक्षीदारांची नावं कधीकधी तिथे जातात, आणि साक्षीला बहुधा भाऊबंदच असतात.